कॅट काढलेली गाडी आणि आरेची हवा

गाडीच्या पोटाखाली, इंजिन आणि सायलेन्सर यांच्या मध्ये पत्र्याचा एक फुगीर डबा असतो. कागदोपत्री त्याचे नाव कॅटॅलिटिक कन्व्हर्टर, गॅरेजमध्ये नुसता ‘कॅट’. गाडी दहा-बारा वर्षांची झाली, पिकअप पडला, डॅशबोर्डवर इंजिनचा पिवळा दिवा लागला की मिस्त्री सांगतो, ‘साहेब, कॅट चोक झालाय. ओरिजिनल महाग पडेल. काढून टाकू, गाडी मोकळी पळेल.’ मालकाला हा सल्ला पटतो. खर्च वाचतो, गाडी खरोखर थोडी हलकी वाटते आणि दिवा विझवण्याची सोयही त्याच गॅरेजमध्ये होते.

कॅटला पर्याय म्हणून हा सर्वांत प्रचलित मार्ग. त्याखेरीज आणखीही आहेत: वेगळ्या बांधणीचे इंजिन, वेगळा धातू, वेगळे इंधन, वीज आणि गाडी न काढता मेट्रोने जाणे. प्रत्येकाने काय साधते आणि त्याची किंमत कोण भरतो, हे या लेखात तपासायचे आहे. त्यासाठी मुंबईतली आरे कॉलनी निवडण्याचे कारण आहे. गोरेगावच्या चेकनाक्यापासून मरोळकडे जाणाऱ्या सुमारे सात किलोमीटरच्या दिनकरराव देसाई मार्गाने रोज हजारो गाड्या जंगलातून आणि तबेल्यांमधून वाट काढतात. इथली झाडे आणि इथली गुरे दोन्ही हवेत काही ना काही सोडत असतात आणि गाडीच्या धुराची त्याच्याशी रासायनिक अभिक्रिया होते. म्हणून कॅट काढलेली गाडी इथून गेली की होणारे नुकसान नेहमीच्या शहरी रस्त्यापेक्षा निराळे असते.

आधी तो डबा काय करतो ते पाहू. मरोळच्या बाजूला एका गॅरेजमध्ये कापलेला कॅट मला हातात घेऊन पाहता आला. पत्र्याचे कवच उघडले की मधाच्या पोळ्यासारखी राखाडी, ठिसूळ जाळी दिसते. चौरस इंचात साधारण ४०० भोके, भिंती कागदाइतक्या पातळ. जाळी सिरॅमिकची. तिच्यावर ॲल्युमिना आणि सेरियम ऑक्साइडचा लेप आणि त्या लेपात प्लॅटिनम, पॅलेडियम, ऱ्होडियम यांचे डोळ्यांना न दिसणारे कण, सगळे मिळून जेमतेम काही ग्रॅम. त्या तुकड्याचा अर्धा भाग वितळून काचेसारखा झाला होता. एक स्पार्क प्लग बरेच दिवस नीट पेटत नव्हता, त्यामुळे न जळालेले पेट्रोल कॅटमध्ये जाऊन तिथे जळत राहिले. आजार इंजिनाचा होता आणि मेला कॅट. बहुतेक वेळा असेच घडते. कधी पिस्टनच्या रिंग झिजून ऑइल जळू लागते आणि त्यातल्या फॉस्फरसने लेप बुजतो, तर कधी पावसात तापलेला कॅट पाण्यात बुडाला की जाळीला तडा जातो. मूळ दुखणे तसेच ठेवून नवा कॅट बसवला तर तोही मरतो, आणि मग ‘कॅटच बेकार’ असे म्हटले जाते.

जाळीतून धूर जाताना तीन कामे होतात. कार्बन मोनॉक्साइडचा कार्बन डायऑक्साइड होतो. न जळालेल्या हायड्रोकार्बनचे पाणी आणि कार्बन डायऑक्साइड होते. आणि नायट्रोजन ऑक्साइडे मोडून साधा नायट्रोजन निघतो. पहिल्या दोन कामांना ऑक्सिजन लागतो, तिसऱ्यात तो काढून घ्यायचा असतो. ही परस्परविरोधी कामे एकाच डब्यात तेव्हाच होतात, जेव्हा एक किलो पेट्रोलला सुमारे १४.७ किलो हवा हे प्रमाण अचूक राखले जाते. ते राखण्यासाठी एक्झॉस्टमध्ये ऑक्सिजन सेन्सर बसवलेला असतो. डबा २५०-३०० अंश तापल्याशिवाय काम सुरू करत नाही. म्हणून घरातून निघून चार गल्ल्या ओलांडेपर्यंतचा धूर जवळजवळ जसाच्या तसा बाहेर पडतो. तापलेला, नीट चालणारा कॅट मात्र तिन्ही विषांतला नव्वद टक्क्यांहून अधिक भाग मोडतो.

मुंबईत हा डबा आला १ एप्रिल १९९५ रोजी. त्या दिवसापासून चार महानगरांत नव्या पेट्रोल मोटारींना कॅट सक्तीचा झाला आणि त्यांच्यासाठी शिसेविरहित पेट्रोल विकले जाऊ लागले. शिसे कॅटच्या लेपावर बसले की तो कायमचा निकामी होतो. मुंबईबाहेर दूर गेले की असे पेट्रोल त्या काळी सहज मिळत नसे, त्यामुळे अनेकांचे कॅट पहिल्या काही वर्षांतच गेले असणार. सन २००० च्या सुरुवातीला देशभर शिशाचे पेट्रोल बंद झाले. मुलांच्या रक्तात आणि मेंदूत जाणारे शिसे थांबले, हे कॅटने आपल्याला दिलेले सर्वांत मोठे दान आहे असे मला वाटते, आणि ते डब्याच्या मूळ कामात धरलेलेही नव्हते. त्याची दुसरी बाजूही सांगायला हवी. शिसे काढल्यावर पेट्रोलचा ऑक्टेन टिकवण्यासाठी बेंझीनसारखी सुवासिक संयुगे वाढवावी लागली. बेंझीनमुळे रक्ताचा कर्करोग होतो. पुढे पेट्रोलमधल्या बेंझीनवर १ टक्क्याची मर्यादा आली, तरी धुरात जे उरते ते जाळण्याचे काम कॅटचेच. शिसेविरहित पेट्रोलवर चालणारी पण कॅट नसलेली गाडी म्हणजे या व्यवस्थेचा एक पाय काढून टाकल्यासारखे आहे.

आता गॅरेजमधल्या पर्यायांकडे येऊ. पहिला प्रकार जाळी फोडण्याचा. डबा तसाच ठेवायचा, आतली जाळी सळईने ठोकून झटकून टाकायची. खालून पाहणाऱ्याला कॅट जागेवर दिसतो. हे काम बहुधा गॅरेजमधला पोरगा करतो, गटाराच्या कडेला, तोंडावर काही न बांधता. जाळीभोवतीच्या गादीत सिरॅमिकचे बारीक तंतू असतात आणि जाळीचीही पूड होते. ती थेट त्याच्या फुप्फुसात जाते. कॅट काढण्याचा पहिला परिणाम गाडीमालकावर होत नाही, रहदारीवरही होत नाही. तो या मुलावर होतो, आणि या विषयावरच्या गप्पांत त्याचा उल्लेख मी कधी ऐकलेला नाही.

दुसरा प्रकार डबा काढून सरळ नळी जोडण्याचा. टर्बो इंजिनाच्या महाग गाड्यांत यासोबत संगणकाची मांडणीही बदलतात. तिथे ताकद खरोखर वाढते. रोजच्या साध्या, टर्बो नसलेल्या इंजिनात मात्र फरक जाणवेल न जाणवेल इतकाच असतो. गाडी ‘मोकळी’ झाल्यासारखी वाटते ती मुख्यतः आवाजाने, आणि आधीचा कॅट बुजलेला असेल तर अडथळा गेल्याने. नवा, चांगला कॅट बसवूनही तोच अडथळा जातो. रात्री उशिरा आरेच्या वळणांवर फटफट आवाज करत धावणाऱ्या गाड्यांत सायलेन्सर बदललेल्या गाड्या आहेत तशाच कॅट काढलेल्याही असणार. त्या वेळी आरेतल्या आदिवासी पाड्यांवरची मुले झोपलेली असतात.

तिसरा प्रकार सेन्सर फसवण्याचा. कॅटच्या पुढे एक आणि मागे एक असे दोन ऑक्सिजन सेन्सर असतात. दोन्हींच्या वाचनातला फरक बघून गाडीचा संगणक कॅट जिवंत आहे की मेला ते ठरवतो. मागच्या सेन्सरखाली एक छोटी नळी, म्हणजे स्पेसर, लावली की त्याला धूर कमी पोहोचतो आणि तो ‘सर्व ठीक’ सांगतो. दिवा विझतो. त्यासोबत इंजिनात खरोखर काही बिघडले तरी ते कळण्याचा एक मार्ग बंद होतो.

चौथा प्रकार स्वस्त कॅटचा. यात मौल्यवान धातू इतका कमी असतो की काही महिन्यांत तो नुसता अडथळा उरतो. जुन्या सुट्या भागांच्या बाजारात वापरलेले कॅटही मिळतात. त्यांतला चांगला कोणता हे बाहेरून ओळखणे जवळजवळ अशक्य आहे.

हे सगळे कायद्यात बसत नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार उत्पादकाने दिलेल्या मूळ रचनेत असा बदल करता येत नाही. २०१९ च्या दुरुस्तीनंतर कलम १८२अ खाली बदल करणाऱ्या मालकाला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा प्रत्येक बदलामागे ५,००० रुपये दंड होऊ शकतो, आणि कलम १९० खाली प्रदूषणाचे निकष मोडणाऱ्याला १०,००० रुपयांपर्यंत दंड आणि तीन महिने लायसन्स गमावण्याची शिक्षा आहे. कायदा कडक आहे. प्रश्न पकडायचे कसे, हा आहे.

पकडण्याचे साधन म्हणजे पीयूसी. पेट्रोल पंपाच्या कोपऱ्यात उभ्या असलेल्या व्हॅनमधला माणूस एक नळी सायलेन्सरमध्ये खुपसतो, नंबरप्लेटचा फोटो काढतो, आकडे छापून देतो. भारत स्टेज-४ (बीएस-४) आणि त्यानंतरच्या मोटारींसाठी आयडलवर कार्बन मोनॉक्साइड ०.३ टक्के आणि हायड्रोकार्बन दर दहा लाखांत २०० भाग ही मर्यादा आहे. बीएस-२ आणि ३ च्या जुन्या गाड्यांना ०.५ टक्के आणि ७५० भाग चालतात. पण नायट्रोजन ऑक्साइडे या यादीत नाहीत. आणि ती मोजायची ठरवली तरी उभ्या गाडीच्या आयडलवर ती फारशी निघतच नाहीत. इंजिनावर भार आला, सिलिंडरमध्ये तापमान चढले, की ती तयार होतात. आरेच्या चढणीवर, गाडीत पाच माणसे आणि एसी चालू असताना, कॅट नसलेल्या पेट्रोल इंजिनाच्या धुरात दर दहा लाखांत हजार-दोन हजार भाग नायट्रोजन ऑक्साइडे असू शकतात. पीयूसीचा कागद हातात असलेली गाडी हे सगळे बाहेर टाकत राहते आणि यंत्रणेच्या दृष्टीने ती निर्दोष असते.

आरेसाठी नेमकी हीच त्रुटी महत्त्वाची आहे. झाडे हवेत आयसोप्रीनसारखी बाष्पे सोडतात. वड-पिंपळाच्या कुळातली अनेक झाडे आणि बांबू यात पुढे असतात. ऊन तापले की ही बाष्पे वाढतात. एकटी असताना त्यांचा विशेष त्रास नाही. त्यांच्यात नायट्रोजन ऑक्साइडे मिसळली आणि वर ऊन असले की जमिनीलगत ओझोन तयार होतो. हा ओझोन दम्याच्या रुग्णाला त्रास देतो आणि ज्या पानांच्या बाष्पांपासून तो बनला त्याच पानांना जाळतो. दुसरीकडे तबेले आहेत. १९४९ मध्ये दारा खुरोडी यांच्या पुढाकाराने मुंबईतल्या म्हशी इथे आणण्यासाठी ही कॉलनी वसवली गेली, आणि शेण-मूत्रातून अमोनिया निघतोच. नायट्रोजन ऑक्साइडांपासून बनलेले नायट्रिक आम्ल या अमोनियाला भेटले की अमोनियम नायट्रेटचे अतिसूक्ष्म कण होतात. उकाड्यात ते टिकत नाहीत, पण डिसेंबर-जानेवारीच्या थंड, दमट पहाटे टिकतात, आणि नेमक्या त्याच वेळी माणसे ‘स्वच्छ हवा’ घ्यायला आरेत चालायला येतात. झाडे आणि गुरे दोषी नाहीत. ती इथली मूळ रहिवासी आहेत. तिसरा घटक बाहेरून येतो आणि त्याला अडवणारा डबा आपण कापून भंगारात देतो.

कॅट निर्दोष आहे असेही नाही. मिश्रणात पेट्रोल थोडे जास्त झाले की कॅट स्वतःच थोडा अमोनिया बनवतो. कधी कुजक्या अंड्यासारखा वास येतो, तो गंधकाचा. आणि त्यातला धातू कुठून येतो, हा सर्वांत अवघड प्रश्न. जगातले बहुतेक प्लॅटिनम आणि ऱ्होडियम दक्षिण आफ्रिकेतून येते. १६ ऑगस्ट २०१२ रोजी तिथल्या मारिकाना खाणीत पगारवाढीसाठी संपावर गेलेल्या ३४ कामगारांना पोलिसांनी गोळ्या घालून मारले. २०२१ मध्ये ऱ्होडियमचा भाव औंसाला २९,००० डॉलरच्या वर गेला आणि जगभर कॅटच्या चोऱ्या वाढल्या. भारतात ईको व्हॅनचे सायलेन्सर कॅटसकट रात्रीतून कापून नेणाऱ्या टोळ्या गुजरात, महाराष्ट्र, दिल्लीत पकडल्या गेल्या. व्हॅनवर पोट असलेल्या माणसाला सकाळी गाडी सुरू केल्यावर कर्कश आवाजाने कळायचे की आपल्या खालून काहीतरी गेले आहे.

म्हणून महाग धातूशिवाय कॅट करता येईल का, याचा शोध जुना आहे. पेरोव्स्काइट नावाच्या स्फटिकरचनेची ऑक्साइडे यात आशादायक ठरली. २००२ मध्ये जपानच्या दायहात्सूने अशी रचना वापरून पॅलेडियम कमी लागणारा आणि जुना होताना कमी झिजणारा कॅट पुढे आणला. नागपूरच्या नीरी या संशोधन संस्थेतही पेरोव्स्काइट उत्प्रेरकांवर काम झाले आहे. या दिशेने धातूचा खप कमी झाला, पण पेट्रोल गाडीतून मौल्यवान धातू पूर्ण हद्दपार झाला नाही. विशेषतः नायट्रोजन ऑक्साइडे मोडण्यात ऱ्होडियमला तोड सापडलेली नाही.

कॅटशिवायच स्वच्छ इंजिन बनवण्याचा प्रयत्नही मोठ्या जिद्दीने झाला. १९७० च्या अमेरिकी कायद्याने धूर नव्वद टक्के कमी करा असा हुकूम काढला, तेव्हा होंडाने सीव्हीसीसी इंजिन आणले. लहान उपकक्षात पेट्रोलाचे प्रमाण जास्त असलेले मिश्रण आधी पेटवायचे आणि त्याच्या ज्योतीने मुख्य कक्षातले विरळ मिश्रण जाळायचे. १९७५ च्या सिव्हिकने तेव्हाचे निकष कॅटशिवाय पार केले. अभियांत्रिकीतले हे सुंदर काम आहे. पुढे नायट्रोजन ऑक्साइडांची मर्यादा आवळली गेली आणि होंडालाही कॅटकडे यावे लागले. ब्रिटनने १९८० च्या दशकात विरळ मिश्रणाच्या इंजिनांचा हट्ट धरला होता. तोही १९९३ पासून युरोपभर कॅट आल्यावर संपला. कारण दोन्हीकडे एकच: विरळ मिश्रणात पेट्रोल वाचते, कार्बन मोनॉक्साइड घटतो, पण धुरात ऑक्सिजन उरतो आणि ऑक्सिजन असला की नायट्रोजन ऑक्साइडे मोडण्याचे काम अडते.

डिझेलमध्ये तर ही अडचण जन्मापासूनची, कारण डिझेल इंजिन नेहमी जादा हवेतच चालते. त्यासाठी युरियाचे द्रावण फवारणारी यंत्रणा लागते. तिच्याऐवजी संगणकातली युक्ती वापरली तर काय होते, हे २०१५ मध्ये फोक्सवॅगनच्या प्रकरणात जगाने पाहिले. महाराष्ट्राशी त्याचा थेट संबंध आहे. पुण्याच्या एआरएआय या वाहनचाचणी संस्थेने कंपनीच्या डिझेल गाड्या रस्त्यावर चालवून तपासल्या, तेव्हा नायट्रोजन ऑक्साइडे बीएस-४ मर्यादेच्या १.१ ते २.६ पट निघाली. डिसेंबर २०१५ मध्ये भारतातल्या सुमारे ३.२३ लाख गाड्या परत बोलावण्याची घोषणा झाली. प्रयोगशाळेत पास होणारी गाडी रस्त्यावर काय करते हे मोजले की चित्र बदलते, हा त्या चाचण्यांचा धडा होता. एप्रिल २०२३ पासून नव्या गाड्यांसाठी रस्त्यावरची चाचणी आली. आज आपल्या नावावर असलेल्या जुन्या गाड्यांना मात्र ती लागू नाही.

इंधन बदलण्याचा पर्याय मुंबईने मोठ्या प्रमाणावर करून पाहिला आहे. १९९५ मध्ये महानगर गॅस स्थापन झाली. १९९९ मध्ये स्मोक अफेक्टेड रेसिडेंट्स फोरमने उच्च न्यायालयात याचिका केली, व्ही. एम. लाल समिती बसली, आणि जुन्या टॅक्सी-रिक्षांना गॅसवर यावे लागले. पद्मिनी टॅक्सीमागे चालताना डोळे चुरचुरायचे, ते थांबले. ज्यांनी ते दिवस पाहिले आहेत त्यांना हा फरक सांगावा लागत नाही. अखेरची पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २०२३ मध्ये रस्त्यावरून उतरली. पण ‘गाडी सीएनजीवर आहे, कॅटची काय गरज’ हा समज चुकीचा आहे. सीएनजी म्हणजे मिथेन. काजळी जवळजवळ नाही, पण न जळालेले मिथेन हवेत गेले तर शंभर वर्षांच्या हिशेबात ते कार्बन डायऑक्साइडच्या २८ पट तापमान वाढवते. मिथेन जाळणे कॅटलाही जड जाते, त्यासाठी तो अधिक तापलेला आणि पॅलेडियमने भरलेला लागतो. नायट्रोजन ऑक्साइडे गॅसवरही निघतात. कंपनीतून आलेल्या सीएनजी गाडीत हे सगळे धरलेले असते. बाहेरून किट बसवलेल्या जुन्या गाडीत बहुधा नसते. इथेनॉलमिश्रित पेट्रोलची गतही तीच. कार्बन मोनॉक्साइड कमी, ॲसिटाल्डिहाइड जास्त, आणि कॅट हवाच.

मग वीज. विजेच्या गाडीला सायलेन्सरच नाही, त्यामुळे कॅटचा प्रश्न मुळातून सुटतो. आरेच्या रस्त्यावर तिच्यातून नायट्रोजन ऑक्साइडे निघत नाहीत. टायरची आणि रस्त्याची धूळ मात्र तीही उडवते, आणि मुंबईच्या हवेतल्या धूलिकणांत रस्त्यावरच्या धुळीचा वाटा मोठा आहे. पण गोरेगावच्या सॉकेटमधली वीज येते कुठून? उपनगरांना वीज देणारा एक प्रमुख प्रकल्प डहाणूचा ५०० मेगावॉटचा कोळशावरचा. मुंबईत कॅट आला त्याच सुमारास, १९९५ मध्ये, तो सुरू झाला. डहाणू तालुका १९९१ मध्ये पर्यावरणदृष्ट्या नाजूक घोषित झाला होता. चिकूच्या बागा आणि वारली पाड्यांचा हा मुलूख. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशावरून १९९६ मध्ये न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्या अध्यक्षतेखाली तालुक्यासाठी स्वतंत्र प्राधिकरण बसले आणि त्याच्या रेट्यामुळे २००७ मध्ये तिथे धुरातले गंधक काढणारी यंत्रणा लागली. लोक भांडले म्हणून ती लागली. आरेच्या पाड्यांतही वारली आहेत. त्यांच्या दारातला धूर कमी करताना डहाणूतल्या त्यांच्याच भावकीच्या दारात तो जाणार असेल, तर आकड्यांत फायदा दिसूनही मला समाधान वाटत नाही. तरी एवढे मान्य करायला हवे की एका धुराड्यावर यंत्रणा बसवणे आणि तिच्यावर नजर ठेवणे शक्य असते. लाखो सायलेन्सरांवर ते जमत नाही, हे पीयूसीने दाखवून दिले आहे. आणि ग्रिडमध्ये सूर्य आणि वारा जसे वाढतील तसा गाडीत काही न बदलता तिचा धूर कमी होत जाईल. कॅटमध्ये ही सोय नाही. तो जुना होईल तसा बिघडतच जातो.

या आढाव्यातला शेवटचा पर्याय आरेच्या अंगावर उभा आहे. मेट्रो-३ चा कारशेड आरेत आणि स्थानक जोगेश्वरी-विक्रोळी जोडरस्त्यावर (जेव्हीएलआर). ३३.५ किलोमीटर, २७ स्थानके. ७ ऑक्टोबर २०२४ पासून आरे ते बीकेसी आणि ९ ऑक्टोबर २०२५ पासून थेट कफ परेडपर्यंत प्रवासी जाऊ लागले. या प्रवासासाठी गाडी काढली नाही तर ना कॅट लागतो ना पीयूसी. मात्र कारशेडसाठी ४ ऑक्टोबर २०१९ च्या रात्री आणि दुसऱ्या दिवशी २,१४१ झाडे तोडली गेली. प्रजापूरपाड्यातल्या काही कुटुंबांना घर सोडावे लागले. २०२३ मध्ये परवानगीपेक्षा जास्त झाडे मागितल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने मेट्रो महामंडळाला १० लाखांचा दंड केला. झाडे गेली ती परत येणार नाहीत, आणि कारशेडसाठी दुसरी जागा होती असे मानणाऱ्यांपैकी मी आहे. म्हणूनच आता त्या किमतीचा मोबदला वसूल झाला पाहिजे: स्थानकापर्यंत आरेच्या पाड्यांतून आणि गोरेगावातून नियमित बस, आणि आरेतून आरपार जाणाऱ्या खासगी गाड्यांवर मर्यादा. मेट्रोही झाली आणि रस्त्यावरच्या गाड्याही तेवढ्याच राहिल्या, तर झाडांचा बळी दोनदा दिल्यासारखे होईल. दरम्यान गोरेगाव-मुलुंड जोडरस्त्याचे काम चालू आहे. १२.२ किलोमीटरच्या या रस्त्यात राष्ट्रीय उद्यानाखालून ४.७ किलोमीटरचे जुळे बोगदे आहेत. बोगद्यात धूर पसरायला आकाश नसते. तिथे शिरणाऱ्या प्रत्येक कॅट नसलेल्या गाडीचा धूर मागच्या गाडीतली माणसे घेणार.

जानेवारी २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने मुंबईच्या हवेबद्दल स्वतःहून दखल घेतलेल्या प्रकरणात पेट्रोल-डिझेल गाड्या टप्प्याटप्प्याने कमी करता येतील का असे विचारले आणि राज्य सरकारने त्यासाठी सात जणांची समिती नेमली. मोठे बदल वेळ घेतील. लहान बदल लगेच करता येतात. रस्त्याच्या कडेला ठेवायचे दूरसंवेदन यंत्र चालत्या गाडीच्या धुरातली नायट्रोजन ऑक्साइडे क्षणात मोजते. ते आरेतल्या पिकनिक पॉइंटच्या चढणीवर एक आठवडा लावले तर पीयूसीच्या कागदांनी कधीच न सांगितलेले कळेल. पीयूसीच्या वेळी गाडीखाली आरसा धरून कॅट जागेवर आहे का ते पाहणे आणि स्कॅनर लावून त्याची स्थिती वाचणे यालाही फार खर्च नाही.

आणि ज्याच्या गाडीचा कॅट खरोखर गेला आहे त्याने आधी तो का गेला ते शोधून घ्यावे. प्लग, कॉइल, इंजेक्टर, ऑक्सिजन सेन्सर तपासावेत, ऑइल जळते का ते पाहावे. ते दुरुस्त झाल्यावर कंपनीचा किंवा त्याच गाडीसाठी प्रमाणित झालेला कॅट बसवावा, बिलावर भाग क्रमांक घ्यावा, आणि जुना डबा मिस्त्रीकडे न सोडता स्वतः परत मागून अधिकृत पुनर्वापर करणाऱ्याकडे द्यावा, कारण त्यातले धातू काढता येतात आणि तेवढी खाण कमी खोदावी लागते. गाडी पंधरा वर्षांच्या आसपास असेल आणि कॅटची किंमत तिच्या उरलेल्या किमतीला भिडत असेल, तर नोंदणीकृत स्क्रॅप केंद्रात ती जमा करून प्रमाणपत्र घ्यावे. नवी गाडी घेताना त्यावर सवलत मिळते. सरळ नळी जोडण्यापेक्षा या सगळ्याला जास्त पैसे लागतात हे खरे. ते आपण दिले नाहीत तर केलटीपाडा, खांबाचा पाडा, मरोशीपाडा इथली माणसे देतात, आणि त्यांच्यातल्या बहुतेकांकडे गाडी नाही.